काना

झिपरू पेंटर चौथ्यांदा शिडी लावतोय.
पारोळ्याच्या अलीकडे, हायवेला लागून
आमच्या कॉलेजचं फाटक,
फाटकावर पाटी.
वरची ओळ तीच राहते: संस्थापकांच्या वडिलांचं नाव.
त्याला कोर्टात कुणी आव्हान दिलेलं नाही.
बदलते ती खालची.
संलग्न :
आणि पुढे त्या वर्षी जे काही असेल ते.

आधी तिथं जवळचं विद्यापीठ होतं.
एस.टी.नं जाऊन, भांडून,
संध्याकाळच्या आत परत येता यायचं.
मग लांबचं आलं, घाटाखालचं, समुद्राकडचं.
आमच्या अर्ध्या पोरांनी समुद्र पाहिलेला नाही,
हॉलतिकिटावर मात्र त्याच्या काठचा पत्ता.
मग जवळच्यानं नोटीस धाडली,
लांबच्यानं शपथपत्र केलं,
संस्थेनं दोघांवरही याचिका टाकली
आणि तिघांनीही पहिल्याच परिच्छेदात लिहिलं
की हे सारं विद्यार्थ्यांच्या हितासाठी.
मला ठाऊक आहे. हिरव्या कागदावर
सात-सात प्रती मीच काढल्या.
मशीन तापलं की हित थोडं फिकं यायचं.

मी खिडकी क्रमांक दोन.
दिलवर पावरा शिरपूरच्याही वरून, डोंगरातून येतो,
दोन जीपा आणि एक बस.
त्याचा निकाल लागलाय, पण राखीव आहे.
तो हसला.
म्हणाला, मॅडम, जागा राखीव होती ते समजलं होतं.
निकालपण?
चाकणच्या कंपनीनं त्याला पंधरापर्यंत मुदत दिलीय.
कोर्टानं सोळा तारीख.
मधल्या एका रात्रीचं काय करायचं
हे कुठल्याच अध्यादेशात नाही.

दोनदा मीच गेले खंडपीठात, फाइल पोचवायला.
पहाटेची गाडी, चाळीसगाव, कन्नडच्या घाटात
उलटलेला केळीचा ट्रक, दीड तास.
पिशवीत मूळ कागदपत्रं,
त्यांच्यावर कळण्याची भाकरी
(तेलाचा डाग परिशिष्ट 'क' वर अजून आहे).
आमचा नंबर सत्तेचाळीस.
एकेचाळिसाव्याला कोर्ट उठलं.
बाकावर शेजारी एक म्हातारे गृहस्थ होते,
बांधाची केस, एकोणीस वर्षं.
त्यांनी विचारलं, तुमची कशाची?
म्हटलं, कॉलेज कुणाचं ते ठरायचंय.
ते म्हणाले, मोजणी करून घ्या.

आज दुपारी बाराला
झिपरूनं जुनी ओळ पॉलिशपेपरनं घासून काढली.
ऊन असं की रंग ब्रशवरच वाळतोय.
नव्या नावाची चार अक्षरं झाली,
पाचव्याचा काना ओढला,
आणि वकिलांचा फोन आला.
'जैसे थे'चा हुकूम.

मी फाटकापाशी जाऊन वर ओरडले, थांब रे!
तो म्हणाला, आते काय लिखू, ताई?
म्हटलं, जैसे थे.
म्हंजे?
म्हणजे आहे तसंच.
त्यानं पाटीकडे पाहिलं, मग माझ्याकडे.
पन आते जे शे, ते काय शे?

ह्या प्रश्नावर सरकारी वकिलांनीही वेळ मागितली असती.

दिलवर खाली उभा होता.
त्यानं मोबाइलवर पाटीचा फोटो काढला,
चार अक्षरं आणि नुसताच उभा काना.
कंपनीला पाठवू का, म्हणाला.
मी नको म्हणाले नाही.
हो म्हणायचा अधिकार माझ्या टेबलाला नाही.

मग व्हाउचर.
अक्षरी बावीस रुपये, चार अक्षरांचे अठ्ठ्याऐंशी.
घासाईचे वेगळे.
विचारलं, कान्याचे किती लावू?
झिपरू रॉकेलमध्ये ब्रश बुडवत होता.
कानाना पैसा नको, ताई.
कोन्हंबी नाव येवो,
काना तं लागसच.

शिडी त्यानं नेली नाही.
भिंतीला टेकवून ठेवलीय, सोळा तारखेपर्यंत.
वॉचमन तिच्यावर टॉवेल वाळत घालतो.