गेरू

ट्विलिंगेटच्या कोर्टात, शिडीवर,
ड्रुसिला कीपिंग प्रांताचं चिन्ह पुन्हा रंगवते आहे.

माथ्यावर एल्क. या बेटावर तो नव्हताच कधी.
लंडनच्या चिताऱ्याला कुणी सांगितलं असेल,
तिकडे मोठ्या शिंगांचं जनावर असतं.
कॅरिबू तेव्हाही बर्फ उकरून दगडफूल खात होते.

एकशिंगे तर कुठंच नसतात.
त्यांच्याबद्दल मात्र कुणाची तक्रार नाही.

ढालीच्या दोन्ही अंगांना बिओथक.
सोळाशे सदतीसात घरधन्यांनाच
दारवान करून उभं केलं,
आणि तो कागद पडून राहिला फडताळात.
एकोणीसशे अठ्ठावीसला भिंतीवर चढला,
तेव्हा शेवटची म्हणून नोंदलेली बिओथक बाई जाऊन
नव्याण्णव वर्षं झाली होती.

हे लोक गेरू फासायचे. अंगाला, होडीला,
तान्ह्या लेकराला.

ढाल भरून झाली. लाल रंग बोटभर उरला डब्यात.
ड्रुसिला ब्रश पुसत नाही.
डावीकडच्याच्या कपाळावर एक बोट,
मग उजवीकडच्याच्या, जरा वाकडं.

सोमवारी जज्जसाहेब येतील.
मान वर करून म्हणतील,
एल्क छान जमलाय हं.