काट्यावरचं शिसं

लक्ष्मीपुरीत आमचं दुकान, धान्याच्या पेठेला लागून.
बाहेर ज्वारीच्या पोत्यांचा वास, आत बंदुकीच्या तेलाचा.
पणज्यानं तलवारींना धार लावली, आजोबांनी कात्र्यांना.
अब्बा गेल्यापासून मी, शमशाद शिकलगार,
पेन्सिलीला टोक काढते आणि रजिस्टर लिहिते.

आदगोंडा आले भर दुपारी. हुपरीचे, चांदीवाले.
टोपी काढून मांडीवर ठेवली.
पाणी पुढं केलं तर पिशवीतली बाटली दाखवली,
घरनं गाळून आणलेली.
म्हणाले, "लायसन आलंया. आता सांगा, बावीस का बत्तीस?
आणि ते नऊ एमेम का देत न्हाई कुणी?"

ते सरकारी, काका. फौजेचं, पोलिसांचं.
आपल्या वाट्याला एवढंच.
आणि निवडणूक लागली की तेही ठाण्यात जमा,
घरी नुसती पावती.
"पावती बघून कोण भ्यायचं?" म्हणाले, आणि हसले नाहीत.

मग मी अब्बांची जर्द्याची डबी काढली.
आत नमुने. दारू काढून घेतलेली, सुटी शिशं.
त्यांनी कोटाच्या खिशातनं काटा काढला,
पारडं फुंकरलं,
आणि माझ्या बापाच्या डबीतलं मरण
चिमटीनं उचलून तोलायला बसले.

बावीसचं, दोन ग्रॅम सहाशे.
"हे तर बारशाच्या पैंजणातली चार घुंगरं!"
बत्तीस पिस्तुलाचं, चार सातशे.
बत्तीस रिव्हॉल्वरचं, सहा तीनशे. बोथट, जाडगेलं.
"एकाच बत्तीसची दोन वजनं?"
नाव एक, घराणी दोन. याचं काडतूस त्यात घालायचं नाही.
"आणि टंच कसा काढायचा?"
लागल्यावर, म्हणाले मी, आणि जीभ चावली.

मग सांगितलं, जे सगळ्यांना सांगते.
बावीसचा झटका हाताला जाणवत नाही, नेम टिकतो,
रेंजवर पोरं दिवसभर कागद फोडतात.
पण अंगावर येणारा माणूस कागद नसतो.
बत्तीस उडते, मनगट मागते, सराव मागते.
मोठी चुकली तर भिंतीत. आणि भिंतीपल्याड कोण झोपलंय?
अब्बा म्हणायचे, जो बोअर विचारतो त्याचा आधी हात बघ.

हात बघितला.
पालथा, काटा धरलेला, स्थिर.
थरथरत होती ती हनुवटी.

"पट्टणकोडोलीच्या फाट्यावर दोघं आडवी आली.
डोळ्यांत चटणी.
तोंडाला रुमाल, वळखायचं कसं?
पर बॅग ओढताना अंगठा दिसला.
नख आडवं भाजलेलं.
आमच्याच भट्टीवर, डाग देताना भाजलं हुतं.
खोबरेल मीच लावलंतं."

दुकानात पंखा फिरत होता.
कुणी हमाल बाहेर हिशोबावरनं ओरडत होता.
आदगोंडांनी सहा तीनशेचं शिसं तळहातावर घेतलं.
"हे त्याला थांबवील?"
थांबवील.
"म्हंजे किती?"

माझ्याकडं तक्ते आहेत, अब्बांनी गम लावून चिकटवलेले,
सेकंदाला किती फूट, किती इंच आत.
पण ते विचारत होते
घट वजा करून निव्वळ किती, तसं.
तसला तक्ता छापलेला नाही.

घड्याळ बघितलं त्यांनी. दिवस मावळायच्या आत जेवायचं,
बस धरायची.
काटा पुसला, टोपी घातली,
"इचार करून सांगतो," आणि पायरी उतरले.

मी नमुने डबीत भरले. एक कमी भरला.
दोनदा मोजले. बावीसचा. चार घुंगरांएवढा.
बोटं काळी झाली होती, शिसं धरलं की होतातच.
त्यांचीही होती, आले तेव्हाच,
चांदीची की कसली, विचारायचं राहिलं.
रजिस्टरात नग, नंबर, सही असे रकाने.
मी तारीख लिहिली
आणि पुढं पेन्सिल तशीच धरून बसले.