धंदेवाईक

कापड चौदा हात, निळा रंग, सरस, दोन कुंचले.
क्लबाचे सेक्रेटरी म्हणाले, मराठीतही पाहिजे,
कलेक्टर येणारेत.
इंग्रजी चिठ्ठीवरनं मीच केलं मराठी:
‘धंदेवाईक महिला गोल्फ स्पर्धा, छावणी, औरंगाबाद.’
नाटक कंपन्यांचे बोर्ड रंगवत वाढलो मी.
आमच्यात धंदेवाईक म्हणजे
पोटासाठी करणारा आणि नीट करणारा.

बसस्टँडवर पोरांनी शिट्ट्या मारल्या.
संध्याकाळी जीप आली. उतरव म्हणे, आत्ताच्या आत्ता.
मी शिडीवर. खाली टोपी घातलेली एक बाई,
कूर्गची, निमी पोन्नप्पा.
तिनं अर्थ विचारला. सेक्रेटरी रुमाल शोधायला लागले.
मीच वरनं सांगितलं, जो पैसा लेके खेलता है.
‘तो ठीक लिखा है,’ ती म्हणाली,
‘पैसा लेने ही आई हूँ.’
बॅनर राहिला.
ती जिंकली. अकरा हजार आणि हिमरू शाल.
शाल लगेच दिली.
अकरा हजारांना दिवाळी उजाडली.

ग्रीन म्हणायचे, पण हिरवं काही नव्हतंच तिथं.
जळकं ऑइल ओतून दाबलेली वाळू.
चेंडू गेला की मागं रेघ राहायची
आणि पुढचीसाठी एक पोरगं गोणपाट ओढत यायचं,
पाटी पुसल्यासारखं.

खेळ कळायला मला तीन वर्षं लागली.
जिचे फटके कमी, ती पहिली.
घरी सांगितलं, तर आई तव्यावरची नजर न काढता म्हणाली,
मग माझा नंबर शेवटून बघ.

दरवर्षी सागवानी फळ्यावर एक ओळ,
सोनेरी रंगात: साल, नाव, गाव, फटके.
चंदीगडची गुरनूर तीनदा.
तिसऱ्या खेपेला पाचवा महिना होता, कॅडी सांगायचे.
फळ्यावर त्याला रकाना नव्हता.
किल्लारीकडं जमीन हलली त्या साली ओळ कोरी;
क्लबाचे तंबू तिकडं गेले होते.
सेक्रेटरी म्हणाले, डॅश मार.
मी नाही मारला.

एका साली टँकर आला, धूळ बसवायला.
भावसिंगपुऱ्याच्या बाया घागरी घेऊन पळत आल्या,
थेट नवव्या होलवर.
शिपायांनी काठ्या उचलल्या.
खेळणाऱ्या मात्र आपापल्या काठ्यांवर रेलून उभ्या राहिल्या,
पाऊण तास,
शेवटची घागर भरेपर्यंत.
नियमांच्या पुस्तकात बघितलं, घागरीला दंड नव्हता.

त्या घागरीवाल्यांतली छाया मगरे.
आधी बॅगा वाहिल्या, मग मागितलेल्या काठ्यांनी खेळली,
चार साल उन्हाळे-हिवाळे,
आणि एकदा, एकदाच, पैशाच्या स्पर्धेत उतरली.
अकरावी आली.
चौदाशे रुपये. तिनं तिथंच मोजले, दोनदा,
एक फाटकी नोट बदलून मागितली.
बातमीत नव्हतं. फळ्यावर पहिलीच लिहितात.
मी डबा बंद केला, कुंचला टर्पेंटाइनमध्ये ठेवला,
आणि त्या दिवशी पहिल्यांदा
आपलंच काम मला तोकडं वाटलं.

मग बियाणं कंपनीनं हात काढला,
स्कूटर कंपनीनं दोन साल धरला, तिनंही काढला.
बॅनरची जागा फ्लेक्सनं घेतली, त्यावर ‘प्रो’ लिहिलेलं.
पोरं शिट्ट्या मारत नव्हती.
वाचतही नव्हती.
फळा आता स्टोअरमध्ये, खुर्च्यांच्या मागं.
खाली सहा ओळी मी आधीच आखून ठेवलेल्या,
खडूच्या दोऱ्यानं. पुसल्या नाहीत कुणी.

परवा छायाच्या गिरणीचा बोर्ड रंगवला.
येथे ज्वारी, बाजरी, गहू दळून मिळेल.
कोपऱ्यात एक पांढरा ठिपका काढला, बारीक खळगे खळगे असलेला.
गिऱ्हाईक विचारतात, हे काय?
ज्वारीचा दाणा, ती सांगते,
आणि माप उलटं करून काठावर थापटते.
मजुरीचे मी साडेचारशे सांगितले.
तिनं घासाघीस नाही केली.
धंदेवाईकाला कळतं.