छेदातून अंशात

कोपरखैरण्याच्या माथाडी वसाहतीत, बैठ्या घरांतून,
वीस वर्षं मी तोच अपूर्णांक घेऊन हिंडतेय.
वर साठी ओलांडलेले,
खाली पंधरा ते एकोणसाठ, कमावते धरलेले,
मध्ये आडवी रेघ.
भागून जे येतं त्याला आम्ही भार म्हणतो.

हा शब्द अनसूया जुनघऱ्यांपुढे निघाला
तेव्हा त्या हसल्या.
"भार आमच्या ह्यांना इचारा.
तुर्भ्याच्या मार्केटात कांद्याची गोण, मानंवर.
हितं बगा, अजून घट्टा हाय."
ह्यांनी कॉटवरूनच मान वळवली,
ओळखपत्र दाखवावं तशी.

प्रश्नावलीत घट्ट्याला जागा नाही.

रकाना एकोणीस: सध्याचे काम.
"काय न्हाय," त्या म्हणाल्या,
आणि मेथी निवडत राहिल्या.
मेथी त्यांची नव्हतीच. कोपऱ्यावरच्या पोळीभाजी केंद्राची,
जुडीला तीन रुपये. ते मला उठता उठता कळलं.
मग घड्याळाकडे बघून त्या नातवंडांना आणायला निघाल्या.
जाण्याआधी ह्यांच्या गोळ्या वाटीत:
पांढरी अख्खी, गुलाबी अर्धी.
अर्धी करायला आडकित्ता.
एकच कट्ट, भुगा नाही.

मी निळ्या पेनानं लिहिलं: अवलंबित.
नियम मीच केलेला.

बेलापूरच्या बैठकीत साहेबांनी विचारलं होतं,
निवृत्तिवेतन वाढवलं तर तिजोरीला झेपेल का?
झेपेल, हे एवढं सांगायला
मला चार परिशिष्टं लागली.
चहा आला, बिस्किटं आली,
विषय पुढच्या तिमाहीत गेला.

येत्या गुरुवारी मला साठ पूर्ण.
काही दुखणार नाही.
सकाळी दूध येईल, गुडघे तेच, चष्मा तोच,
फक्त माझ्याच तक्त्यात मी रेघेखालून रेघेवर जाईन.
खाली एक उणी, वर एक जास्त.
एकटी बाई अपूर्णांक दोन्हीकडून बिघडवणार.

"तुमचं वय वो, बाई?"
पोरं घेऊन त्या परतल्या होत्या.
मी सांगितलं.
"मंग बसा की खाली," म्हणाल्या,
आणि निम्मी जुडी माझ्याकडे सरकवली.

मी निवडायला लागले. मला वाटलं, बरी निवडतेय.
त्यांनी न बोलता माझ्या देठांचा ढीग ओढला
आणि त्यातून मूठभर पानं परत काढली.
धाकटा नातू ते बघून खुदकन हसला.
कॉटवरचे आजोबासुद्धा.

रात्री आकडे भरणाऱ्या निनादचा फोन:
"मॅडम, एकोणीसमध्ये आधीचं खोडून
तुम्ही आडकित्ता लिहिलंय.
ह्याला कोड काय देऊ?"

माझ्या नखांत हिरवं होतं अजून.
म्हटलं, थांब जरा.
गुरुवारनंतर सांगते.