खरी नक्कल

कोर्टाच्या मागच्या अंगाला, टायपिंगवाल्यांच्या रांगेत
चिंचेखाली माझं टेबल.
मराठीतून कन्नडमध्ये, पानाला साठ रुपये,
'खरी नक्कल' शिक्क्यासह सत्तर.

सुमित्रा होनगेकर, परिचारिका, राहणार खासबाग,
चार पानं घेऊन आल्या, पाठपोट लिहिलेली.
'शेजारी विरुपाक्ष बुचडी यांनी विनापरवाना
पत्र्याची शेड उभारून सहा माग बसवले आहेत.
भिंतीला भिंत लावली आहे, वाऱ्यालाही वाट ठेवलेली नाही.
सकाळी सहापासून
खडखड खडखड खडखड.'

तीनदा कशाला, मी विचारलं.
"दोनदा लिहून थांबले असते,
पण ते थांबत नाहीत वो."

मी 'सद्दु' लिहिलं.
त्यात लाकूड नव्हतं, लोखंड नव्हतं,
धोट्याचं जाऊन परत येणं नव्हतं.
खोडलं. 'गद्दल' लिहिलं, तर तो बाजाराचा निघाला.
शेवटी कन्नड अक्षरांत खडखडच लिहून टाकलं, तीनदा.
न्यायाधीशांनाही कान असतीलच.
माग मात्र सोपा गेला. त्यांचा मग्ग, आमचा माग,
एकाच खड्ड्यात पाय सोडून बसलेले दोघे.

बुचडींच्या वकिलांनी नियम वाचला:
दिवस म्हणजे सकाळी सहा ते रात्री दहा, मर्यादा पंचावन्न डेसिबल,
रात्री पंचेचाळीस.
आमचे माग नऊला बंद होतात, म्हणाले,
आणि कोट सारखा करून खाली बसले.

बाई उभ्या राहिल्या. त्यांना कुणी विचारलं नव्हतं.
"बारा वर्षं नाइट ड्युटी करते.
सकाळी नऊला घरी येते, दार लावते, पडदा ओढते,
माझी रात्र तेव्हा सुरू होते.
तिला किती डेसिबल?"

हे तोंडी होतं.
तोंडी भाषांतराचे पैसे मिळत नाहीत.

मोजणीला मंडळाचा माणूस आला तो मंगळवारी.
खासबागेत दर मंगळवारी दुरुस्ती,
दहा ते चार करंट नाही.
यंत्र हातात धरून वीस मिनिटं उभा राहिला गच्चीवर.
एक कावळा, एक कुकर,
लांब कुठे रेल्वे गेटची घंटा.
एकेचाळीस.
अहवाल: 'परिसर शांत आहे.'
बाई त्या दिवशी सलग सहा तास झोपल्या,
त्याची नोंद नाही.

महापालिकेचा टेप काही करंटवर चालत नाही.
त्याने शेड मोजली. बाजूला सोडायची जागा एक मीटर,
सोडलेली शून्य.
निघता निघता बाईंचा जिनाही मोजला,
तोही हद्दीत दीड फूट पुढे आलेला.
दोघांना एकाच दिवशी, एकाच मजकुराच्या नोटिसा.

दोघेही माझ्याकडेच आले.
बुचडींना कन्नड येतं, नोटिशीचं कन्नड येत नाही.
मी वाचून दाखवेपर्यंत ते चिंचेकडे बघत होते.
मग म्हणाले, करंट गेला की
आमचं धाकटं दचकून जागं होतं,
आवाज थांबला म्हणून.
बाईंनी मान हलवली. होकाराची का नकाराची, कळलं नाही.
बाकावर दोघांच्या मध्ये एक मीटर जागा होती.
मोजली नाही मी, पण असावी.

काल बाईंचं पुरवणी निवेदन आलं, एका ओळीचं:
'कायद्यात माझी रात्र कुठे आहे ती दाखवावी.'
'रात्र'पाशी पेन थबकलं.
कन्नडमध्येही रात्रीच.
अख्ख्या फायलीतून हाच एक शब्द
काहीही न सांडता पलीकडे गेला,
आणि खटला नेमका त्याच्यावर अडलाय.

पुढची तारीख सोळा.
मी कॅलेंडर बघून सांगितलं, मंगळवार येतो.
बाईंनी नक्कल घडी करून पिशवीत ठेवली,
सत्तर रुपये मोजून दिले.
"वकिलांना सांगा," म्हणाल्या,
"सोळाला मी येणार नाही.
झोपणार आहे."