ओरखडे

डबा गंजलेला. झाकणावर पोर्तुगीजमध्ये
कुणीतरी एवढंच लिहिलेलं: हवामान वाईट.
उघडला तेव्हा आंबलेल्या काजूबोंडांचा वास
आल्तिनोच्या त्या खोलीतून आठवडाभर गेला नाही.

पंचावन्न सालचा पंधरा ऑगस्ट. पत्रादेवी.
माणसं चालत येतात, हात रिकामे.
मग काही माणसं चालत नाहीत.
आवाज नाही. कॅमेरा हलतो,
बहुधा धरणाऱ्याचा गुडघा.
नंतरचं: चिखलात वहाणा,
एक छत्री उलटी पडलेली, पाण्याने भरलेली,
खाटेवरून नेलेला कुणीतरी
आणि चौकटीबाहेर जाईपर्यंत त्याचा लोंबता हात.

दीड महिना मी रेघा पुसत होते.
तीन हजार आठशे चाळीस चौकटी.
बुरशी, धूळ, ओरखडे.
शंका आली तिथेही पुसल्या.
चेहरे स्वच्छ निघाले. मला अभिमान वाटला,
हेही लिहून ठेवते.

तोरशाहून सगुण तोरस्कर आले, मुलाच्या स्कूटरवरून,
लग्नाला घालायचे बूट घालून.
तेव्हा नऊ वर्षांचे होते.
मला त्यांच्याकडून पडलेल्यांची नावं हवी होती.
ते बघत राहिले डाव्या कोपऱ्याकडे,
जिथे फणसाखाली पितळी कळशी
आणि तिच्यामागे परकराची नुसती कड.

"बहीण," म्हणाले. "तिनं पाणी पाजलं त्यांना.
मग ती कळशी आम्ही घरात घेतली नाही.
टाकलीही नाही.
गोठ्यामागे होती. बेडूक राहायचे तिच्यात."

पुन्हा लावा, म्हणाले. लावलं.
तिसऱ्यांदा लावलं तेव्हा माझ्याकडे वळले:
"पावस खंय गेलो गो, बाय?"

कुठला पाऊस?

त्यांनी हात वर नेला,
बोटं सैल सोडून सावकाश खाली आणला.
"असा. पहाटेपासून.
रक्त रस्त्यावर टिकलंच नाही, वहाळात गेलं.
आई आठ दिवस आम्हाला वहाळावर सोडीना.
ह्यात तर ऊन पडलंय."

रात्री मूळ पट्टी दिव्यासमोर धरली.
ओरखडे सरळ उतरतात, पट्टी धावते तसे.
पहिल्या वर्षीच शिकवलं होतं आम्हाला.
ह्यातल्या कितीतरी रेघा तिरक्या होत्या,
सगळ्या एकाच बाजूला कललेल्या,
वारा होता तशा.

आता एकेक परत ठेवते आहे.
सकाळपर्यंत एकशे बारा चौकटी झाल्या.
कुठला थेंब, कुठला ओरखडा,
सगळ्यांचं सांगता येत नाही.

छत्रीतलं पाणी मात्र
मी रोज बघत होते.