एक डोळा राखून

उद्यमबागेतल्या फाउंड्रीतून रिटायर होताना
यांनी भिंतीवरचं घड्याळ घेतलं नाही,
भंगारातले सहा पाइप मागून आणले.
परसात, न्हाणीचं पाणी जातं तिथं रोवले,
वर बारा नंबरची तार ताणली
आणि बोटानं वाजवून बघितली.
लागली, म्हणाले. आता वेल आणू.

काडी तेलसंगच्या शिवगोंडानं दिली,
ओल्या गोणपाटात, पेन्सिलीएवढी जाड.
अथणीपासून मांडीवर घेऊन आले.
कंडक्टरनं विचारलं म्हणे,
हिचं अर्धं तिकीट फाडू काय?

पहिल्या वर्षी तिला एवढंच शिकवलं: सरळ.
बांबूला सुतळीनं आठाच्या आकड्यात बांधायचं,
बगलेत फूट दिसली की चिमटीत मोडायची.
वाढू द्या की बिचारीला, मी म्हणायची.
साच्याबाहेर ओतलं लोखंड, हे म्हणायचे,
तर ते वाढत नाही, सांडतं.
तारेला टेकली तसा शेंडा मारला,
दोन फुटी राखल्या:
एक आमच्या मोरीकडे, एक नीलव्वाच्या भिंतीकडे.
भिंतीकडचा ओलांडा जास्त जोमानं धरला.
मी दोन वर्षं त्यावर बोलले नाही.

एप्रिलातली खरड छाटणी मला कधी बघवली नाही.
मांडव भरलेला, खाली माझे सांडगे वाळतात,
आणि हे स्टुलावर चढून सगळं खाली पाडणार.
मग वर नुसते लाकडाचे हात आणि ऊन.
कापल्या टोकांतून दिवसभर पाणी ठिबकायचं.
एकदा मी खाली वाटी धरली, चाखलं.
काहीच चव नव्हती.

गेल्या भाद्रपदात यांचा उजवा हात गेला
आणि बोलणं.
तोंड चालतं, शब्द भलतेच येतात.
पाणी पाहिजे असलं की "घोडा" म्हणतात
आणि आपल्यावरच चिडतात.

ऑक्टोबरची गोडी छाटणी राहूनच गेली.
वेल सुटली, मोकाट,
नीलव्वाच्या डिशला वेढे घालून आली.
फेब्रुवारीत घड किती, तर चार,
तेही भुरीनं पांढरे पडलेले,
बुलबुलांनीसुद्धा सोडले.

म्हणून या एप्रिलात कात्री मी घेतली.
यांना खुर्चीवर बसवलं मांडवाखाली,
डोक्यावर टॉवेल टाकला.
काडीला कात्री लावली, बघितलं. मान हलली. नाही.
खाली सरकवली. नाही.
अजून खाली. नाही, नाही.
मग कुठं वो? मी ओरडले,
आणि ओरडल्याचं वाईट वाटून
स्टुलावर तशीच उभी राहिले.

यांची जीभ तोंडात काहीतरी चाचपत होती,
अंधारात चप्पल शोधावी तशी.
मग आलं:
"कण्णु."

छत्तीस वर्षं भट्टीशी निम्मं काम कानडीतच चालायचं.
माझ्याशी कधी बोलले नाहीत त्यातलं.
भिंतीपलीकडनं नीलव्वा म्हणाली,
हं, ओंदे कण्णु, ओंदे!
यांनी डाव्या हाताचं बोट उचललं
आणि स्वतःच्या डोळ्याखाली टेकवलं.

एक डोळा.
फुटवा निघतो ती गाठ, बुडाशी एक, बाकी सगळं जाऊ दे.

मी कापत गेले.
पहिल्या दहा काड्या घाबरत, तिरक्या, चावल्यासारख्या.
मग हाताला कळायला लागलं
कुठं लाकूड पिकलंय, कुठं नुसता भेंडाळ आहे.
डिशवरचे वेढे नीलव्वानं तिकडून सोडवले,
विळ्यानं, आणि पालापाचोळा
आपल्या शेळीला नेला. न विचारता. बरं झालं.

दुपारी मांडवावर काही उरलं नव्हतं.
यांच्या टॉवेलवर ऊन, खांद्यावर ऊन,
टोकांना पाणी यायला लागलेलं.

"घोडा," हे म्हणाले.
मी तांब्या आणला, ओठाला लावला.
मान हलवली. नाही.
बोट खाली, खोडाकडे.

तांब्या बुडाशी ओतला.
मग बादली भरायला गेले.